काशीत सोडलेले शेंगोळे

आमच्या आईने काशीला जाऊन कोंबडीतले शेंगोळे सोडले, हे मी कुणाला सांगितलं की लोक आधी हसतात आणि मग विचारतात, म्हणजे नेमकं काय सोडलं? तेव्हा आधीच सांगून टाकते. कुळथाचं पीठ घट्ट मळायचं, तळहातावर त्याची लांब वळी वळायची आणि दोन टोकं जोडून कडी करायची, की झाला शेंगोळा. बहुतेक घरांत शेंगोळे लसणाच्या फोडणीच्या पाण्यात शिजवतात आणि सर्दी झालेल्या माणसाला देतात. आमच्याकडे ते गावठी कोंबडीच्या काळ्या रश्श्यात शिजतात. पीठ रस्सा पितं, रस्सा पिठाने दाट होतो, आणि मग त्या पातेल्यात कोंबडी आहे की नाही याची चौकशी कुणी करत नाही. भाकरी नको, भात नको. वाटीत शेंगोळे घ्यायचे आणि गप्प बसायचं.

आता काशीचं. काशीला गेलं की आपल्या आवडीचं काहीतरी एक गंगेत सोडून यायचं आणि उरलेल्या जन्मात ते तोंडाला लावायचं नाही, अशी आपल्याकडे रीत आहे. रीत फार उदात्त आहे. माणसं तेवढी उदात्त नाहीत. माझ्या मावशीने पपई सोडली, जी तिला तशीही पचत नव्हती. शेजारच्या काकूंनी फणस सोडला, तोही निफाडच्या रस्त्याला राहून, जिथे द्राक्ष आणि ऊस सोडून फणसाचं झाड दाखवा आणि बक्षीस मिळवा. आणि आमच्या बाबांनी सोडलं कारलं.

बाबांचं कारलं म्हणजे कळस होता. नाशिकच्या जरा बाहेर आमचं शेत आहे. कडेला झेंडूचे दोन पट्टे आणि मधोमध कारल्याचा मांडव. हा माणूस जन्मभर कारली लावतो, बांधतो, तोडतो, क्रेटमध्ये भरून मार्केटला नेतो, पण ताटात कारलं दिसलं की याचं तोंड वाकडं. त्यात त्यांना शुगर निघाली. तेव्हापासून आई आठवड्यातून दोनदा कारल्याची भाजी करून समोर बसायची आणि संपेपर्यंत उठू द्यायची नाही. मग गावातल्या भाजीवाल्या शेतकऱ्यांची बस काशीला निघाली, हे दोघेही गेले, आणि बाबांनी गुडघाभर पाण्यात उभं राहून एका दगडात दोन पक्षी मारले. पुण्य पदरात आणि भाजी ताटाबाहेर. परत आल्यावर आईने सवयीने कारलं चिरायला घेतलं, तर हे गंभीर चेहऱ्याने म्हणाले, "मला ते चालत नाय आता. गंगेला शब्द दिलाय."

आईचा नंबर त्यांच्यानंतर होता. ही सगळी गोष्ट मला बाबांनीच सांगितली आहे, आणि सांगताना दर वेळी ते खोकला येईपर्यंत हसतात. घाटावरच्या पंड्याने सांगितलं, जे सर्वात प्रिय असेल ते बोला. बाकीच्या बायका भराभर दोडका, भोपळा, पडवळ म्हणून मोकळ्या झाल्या. आई मात्र पाण्यात उभी राहून विचार करत बसली. पाठीमागची रांग कुरकुरायला लागली. शेवटी ती म्हणाली, "कोंबडीतले शेंगोळे." पंड्याला काही कळेना. मग आमच्या गावातल्या एका बाईने आपल्या हिंदीत समजावलं, "मुर्गी के रस्से में आटे का गोल गोल डालते ना, वो." पंडा म्हणे दोन पावलं मागे सरकला आणि म्हणाला, "माताजी, ये तो छोड ही दीजिए."

तेव्हापासून आईने शेंगोळा तोंडात घातला नाही. करायचं मात्र सोडलं नाही. करायचं थोडंच सोडलं होतं? घरात कोंबडी शिजली की शेंगोळे तीच वळणार. शेंगोळे पडायच्या आधी स्वतःपुरता रस्सा वाटीत काढून ठेवणार आणि तो भाकरीशी खाणार. आणि आम्ही जेवायला बसलो की पदराला हात पुसत एकच प्रश्न विचारणार, "मीठ बरंय का?" कारण तिला चाखता येत नव्हतं. अंदाजाने घातलेलं मीठ, अंदाजाने शिजलेलं पीठ, ते कसं झालंय हे दुसऱ्याने सांगितल्याशिवाय तिला कळायचंच नाही. आणि आमच्या घरात सांगणार कोण? बाबा तोंड भरलेलं असताना नुसती रिकामी वाटी पुढे सरकवायचे. तेच त्यांचं उत्तर. आई त्यात आणखी दोन पळ्या घालायची आणि चुलीकडे वळायची.

यंदा पाऊस सरता सरता आईला डेंग्यू झाला. दवाखान्यातून घरी सोडली तेव्हा ताप गेला होता, पण तोंडाची चव घेऊन गेला होता. बाई काही खाईना. नाशकात द्वारका सर्कलजवळ माझा फ्लॅट आहे. तिथे नवऱ्याला आणि पोरांना डब्याच्या भरवशावर सोडून मी शेतावर येऊन राहिले. मुगाची खिचडी केली, तिने दोन घास चिवडले. पेज केली, ती मांजरीने प्यायली. पुण्याहून भावाने प्रोटीनच्या पावडरीचा डबा पाठवला आणि रोज व्हिडिओ कॉल करून विचारायला लागला, दिलीस का, दिलीस का. मी एकदा त्याला म्हटलं, तू ये आणि दे. त्यानंतर दोन दिवस फोन आला नाही. आयजीच्या जिवावर बायजी उदार.

हसण्यावारी नेत होते, पण आतून माझी तंतरली होती. आईच्या बांगड्या मनगटावरून सुटून कोपरापर्यंत जायला लागल्या होत्या. उठून मोरीपर्यंत जायचं तर भिंत धरावी लागायची. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, या वयात अंगात काही गेलं नाही तर पुन्हा भरती करावं लागेल, आणि पुन्हा भरती केल्यावर मी काही छातीठोक सांगणार नाही. "त्यांना जे खावंसं वाटतं ते द्या. पथ्य-बिथ्य काही नाही," ते म्हणाले. बाबा तिथे शेजारीच उभे होते. त्यांनी टोपी काढली, पुन्हा घातली, आणि बाहेर निघून गेले.

मी आईला विचारलं, "सांग, काय खावंसं वाटतंय? अगदी काहीही."

ती डोळे मिटून पडली होती. सुकलेल्या ओठांवरून जीभ फिरवली. मग म्हणाली, "जिभेवर एकच येतंय बघ. कोंबडीतले शेंगोळे." आणि लगेच, "पण ते मला चालत नाय."

आता माझी परिस्थिती समजून घ्या. आई खात नाही म्हणून मरणाच्या दारात, जगातली एकच गोष्ट तिला हवी, ती करायला फार तर एक सकाळ लागणार, आणि मध्ये आडवी कोण, तर गंगा नदी. माझं डोकं फिरलं. मी म्हटलं, देव काय वही घेऊन बसलाय का तुझ्या वाटीवर? तर म्हणाली, "देव बसो ना बसो. मी बोललेय ना."

मग मी एक शहाणपणा केला. शेंगोळा म्हणजे कडी. कडी न करता गोळे केले तर? लाडवाएवढे नाही, बोराएवढे. माझी पोरगी हॉटेलात जाऊन असलंच काहीतरी खाते आणि त्याला डम्पलिंग म्हणते. तेच म्हणायचं. आईने कड्या सोडल्यात, डम्पलिंग थोडंच सोडलंय! हा मुद्दा मला इतका बिनतोड वाटला की मी रविवारी सकाळी कोंबडी आणून कामालाच लागले.

पण शेंगोळे मी जन्मात कधी केले नव्हते. आई असताना कोण शिकतं? कुळथाच्या पिठात मी पाणी जरा सढळ हाताने घातलं. रस्सा उकळायच्या आधीच, नुसता कोमट असताना, सगळे गोळे त्यात सोडले. आणि बुडाला लागू नयेत म्हणून पळीने मनापासून ढवळलं. थोड्या वेळाने बघते तर गोळे गायब. पातेल्यात तपकिरी, दाट, फदफदणारं पिठलं, आणि त्यातून कोंबडीची एक तंगडी बाहेर आलेली. करायला गेले गणपती आणि झाला मारुती.

तरी मी ते वाटीत घेऊन आईपुढे गेले. तिने वासावरूनच ओळखलं. उठून बसली, वाटीत बघितलं, आणि आजारपणात पहिल्यांदा हसली.

"अगं बया. काय हे?"

"डम्पलिंग."

"रस्सा खळखळून उकळल्यावर टाकायचे असतात. आणि वर येईस्तोवर पळी लावायची नाय. तुला सासरी काय नुसता चहा करायला लावतात काय?"

"ते जाऊ दे. हे शेंगोळे नाहीत. कड्या कुठेत? तुला चालेल हे."

तिने वाटी माझ्या हातात परत दिली. "पोरी, मी आकार सोडला नव्हता. चव सोडली होती. गंगेला काय आंधळी समजलीस?"

मग माझा तोल सुटला. मी म्हटलं, "आणि बाबांनी कारलं सोडलं ते? ते चाललं गंगेला? सगळा गाव भोपळे आणि पडवळं सोडून आला, आणि तू एकटी हरिश्चंद्राची बहीण! कुणी सांगितलं होतं एवढं खरं बोलायला?"

बाबा तेव्हा दाराशी बसून ते कोंबडीचं पिठलं खात होते. वाया नको म्हणून. आई त्यांच्याकडे न बघता म्हणाली, "ह्यांनी कारलं सोडलं म्हणून तर. तवा ह्यांचं हृदयाचं दुखणं चालू होतं. मुंबईला नेऊन आणलेलं. मी काशीला गेले कशाला? फिरायला? ह्यांचा जीव राहू दे म्हणून मागायला गेले. आणि हे माझ्या पुढ्यात उभं राहून गंगेला कारलं देतात. म्हणलं, दोघांतल्या एकानं तरी खरं द्यावं. नायतर उद्या काय झालं तर मी कुणाला तोंड दाखवू?"

ती तिथे काय मागायला गेली होती हे मला माहीत नव्हतं. बाबांनाही नव्हतं. शेंगोळ्यांची गोष्ट ते इतकी वर्षं हसत हसत सांगत होते, पण आई पाण्यात एवढा वेळ कसला विचार करत होती हे त्यांनी कधी विचारलं नव्हतं. ते खात होते ते थांबले. वाटी खाली ठेवली. पिठलं अर्धंच राहिलं. मग उठून मांडवाकडे गेले आणि दुपारच्या उन्हात, काही काम नसताना, वेलांना सुतळ्या बांधत बसले. मला खूप रडू आलं. रडू आलं आणि रागही आला, त्या दोघांचाही. एक बाई काही न बोलता एवढं करते आणि एक माणूस काही न विचारता ते खातो, आणि याला म्हणायचं संसार.

नंतरचे दोन दिवस आईने जवळजवळ पाण्यावर काढले. सुंभ जळला तरी पीळ जात नाही. बुधवारी सकाळी बाबा धुतलेलं धोतर नेसून, टोपी घालून माझ्यापुढे येऊन उभे राहिले. "गाडी काढ," म्हणाले. "गंगेवर जायचंय."

आमच्याकडे गोदावरीला गंगाच म्हणतात. काशीला मुख्य कचेरी असेल, पण इथेही शाखा आहे आणि तिथे आमची ओळख जुनी आहे. मी किल्ली घेतली. स्कूटीवर मागे बसून बाबा सगळा रस्ता गप्प होते. द्वारकेच्या सिग्नलला एक रिक्षावाला आमच्या अंगावर येता येता राहिला, तेव्हा मी त्याला जे बोलले ते ऐकूनही ते गप्प होते. एरवी त्यांनी त्यात भर घातली असती.

घाटावर नेहमीची गर्दी होती. बाबांनी चपला काढल्या, धोतर वर खोचलं आणि पायऱ्यांवर बसलेल्या एका गुरुजींपुढे जाऊन उभे राहिले. गुरुजींनी त्यांच्याकडे बघितलं, माझ्या सुजलेल्या डोळ्यांकडे बघितलं, आणि हलक्या आवाजात विचारलं, "कोणाचं आहे?"

"कोणाचं नाय," बाबा म्हणाले. "होऊ नये म्हणून आलोय."

मग त्यांनी सगळं सांगितलं. काशी, पंडा, कारलं, शेंगोळे, डेंग्यू. गुरुजींनी शांतपणे ऐकलं आणि म्हणाले, "हे बघा, एकदा सोडलेलं परत घेता येत नाही."

"परत नाय घेत. बदली करतोय. तिचे शेंगोळे मी सोडतो. तिच्या जागी मी. आणि माझं कारलं खोटं होतं, ते मी उचलतो."

"उचललं की खावं लागेल."

"खातो ना."

गुरुजींनी त्यांना नीट न्याहाळलं. "शेंगोळे तुम्हाला आवडतात का? नाहीतर पुन्हा कारल्यासारखं व्हायचं."

 बाबा नुसते पाण्याकडे बघत राहिले. उत्तर मी दिलं. म्हटलं, "गुरुजी, पातेलं खरवडून खातात हो. शेजारी कुणी बसलेलं चालत नाही."

गुरुजींनी इकडे तिकडे बघितलं आणि आवाज आणखी खाली आणला. "काळ्या रश्श्यातले का?"

"काळ्या रश्श्यातले," बाबा म्हणाले.

"हं," म्हणाले गुरुजी, आणि मला तरी असं वाटलं की त्या 'हं'मध्ये सहानुभूती होती. ते पुढे म्हणाले, "शास्त्रात हे कुठे लिहिलंय ते मला विचारू नका. पण पाणी हातात घ्या आणि तुमच्या शब्दांत सांगा. तिला मराठी कळतं."

बाबा पाण्यात उतरले. ओंजळ भरली. बोलायला तोंड उघडलं आणि आवाजच निघेना. ओंजळीतलं पाणी गळून गेलं. त्यांनी पुन्हा भरली. आमच्या बाबांना मी मार्केटमधल्या व्यापाऱ्यांशी भांडताना ऐकलंय, दोन गल्ल्या पलीकडे ऐकू जातं. तो माणूस पुटपुटत होता. "गंगामाई, मागल्या खेपेला मी तुला फसवलं. बायकोनं माझ्यासाठी खरं दिलं, मी खोटं दिलं. आता तिचं तिला खाऊ दे. माझं घे. खरं देतोय या खेपेला." एवढं बोलून त्यांनी पाणी सोडलं, तेच हात डोळ्यांवरून फिरवले आणि काठावर येऊन म्हणाले, "चल. कोंबडी घ्यायचीय."

मी म्हटलं, "वार तरी बघितलात का?"

"बुधवार. बघूनच निघालो."

घरी आलो तर आई खाटेवर उठून बसली होती. दोघं मिळून कुठे उलथले म्हणून तिचा जीव टांगणीला लागला होता. बाबांनी उंबऱ्यातूनच सांगून टाकलं, "शेंगोळे मी सोडले आजपासून. तुझे तू खा."

"काय?"

"बदली झाली. गंगेवर जाऊन आलो."

आई माझ्याकडे वळली. "खरं का गं? का पुन्हा डम्पलिंग?"

"खरं आहे. माझ्यासमोर झालं."

मला वाटलं होतं ती विरघळेल. कसली विरघळतेय! ती भडकली. "कुणी सांगितलं तुम्हाला? रविवार आला की सकाळपासून पातेल्याभोवती घिरट्या घालता, आणि सोडले म्हणे! काय खाणार मग तुम्ही?"

"कारलं," बाबा म्हणाले.

 बाबा मांडवात गेले, चार कारली तोडून घेऊन आले आणि ती तिच्यापुढे खाटेवर ठेवली. तिने एक उचलून बघितलं, दुसरं उचलून बघितलं, आणि मला म्हणाली, "मीठ लावून पिळू नको. कडूच राहू दे." तेव्हा मला कळलं की बाईला बदली मंजूर आहे.

मग आईची खाट आम्ही स्वयंपाकघराच्या दाराशी आणली, आणि तिथून सुरू झाला हुकूमशाहीचा कारभार. कांदा आणि सुकं खोबरं विस्तवावर काळं होईस्तोवर भाज. अजून. अजून, घाबरतेस काय? हळद-मीठ लावून कोंबडी वेगळी शिजव, ते पाणी फेकशील बिकशील तर याद राख. वाटण तेलात टाक. काळा मसाला टाक. कडेला तेल सुटलं का? नाही सुटलं, इथून दिसतंय मला. सुटेस्तोवर हलायचं नाय. आता ते कोंबडीचं पाणी ओत. पीठ मळायला घे. लसूण, मिरची, जिरं वाटून घाल त्यात. पाणी चमच्याने. चमच्याने म्हणलं, तांब्याने नाय!

पीठ या वेळी घट्ट झालं, पण वळी माझ्याच्याने होईना. तळहाताला तेल लावून मी फिरवत होते आणि तिचे तुकडे पडत होते. आईने हात पुढे केले. पण तिचे हात थरथरत होते, आणि दोन वेटोळी कशीबशी वळून तिने ते मांडीवर टेकले. तेवढ्यात बाबा आमच्या दोघींच्या मध्ये येऊन बसले. म्हणाले, "आणा इकडं."

जन्मभर ज्यांनी सुतळ्या वळल्या आणि हजारो वेलांना गाठी मारल्या, त्या माणसाला पिठाची वळी काय जड? एका तळहातावर दुसरा तळहात दोनदा पुढे, एकदा मागे, बोटाभोवती वेढा, टोकाला चिमटा, झाला शेंगोळा. जरा जाड होते, पण एकही तुटेना. आई टक लावून बघत राहिली. "इतकी वर्षं येत होतं तर बसला का होता?" ती म्हणाली. बाबांनी वर न बघता पुढची वळी घेतली.

रस्सा खळखळून उकळायला लागला, तसे त्यांनी एकेक शेंगोळा कडेने आत सोडला. पळी कुणी लावली नाही. आम्ही तिघं त्या पातेल्याकडे बघत बसलो. आधी सगळे खाली गेले, मग एक वर आला, मग दोन, मग सगळेच. घरभर तो वास भरला. बाबांनी एकदा जोरात श्वास घेतला आणि दाराबाहेर जाऊन उभे राहिले. दुसऱ्या शेगडीवर मी कारल्याच्या काचऱ्या परतत होते. त्यांच्याकडे बघायचं मी टाळलं.

शेंगोळे शिजले की नाही हे मी एक मोडून बघितलं. मीठ चाखून बघायला पळी उचलली, तर आई म्हणाली, "थांब. ज्यांनी केलं त्यांना वाढू दे." मी पळी बाबांच्या हातात दिली. त्यांनी वाटी भरली, आईच्या पुढ्यात ठेवली आणि स्वतः तिच्यासमोर जमिनीवर ताट घेऊन बसले. ताटात भाकरी आणि कारलं. पहिला घास त्यांनी घेतला. त्यांचा चेहरा असा झाला की एरवी मी हसून लोळले असते. पण त्यांनी तो चावला, गिळला, आणि दुसरा घास मोडला.

मग आईने शेंगोळा तोंडात घातला. डोळे मिटले. चावत राहिली, चावत राहिली. दुसरा घातला. तिसरा रश्श्यात बुडवून घेतला. तिची मान खाली आणि बोटं वाटीत, आम्ही दोघं समोर बसलोय हेसुद्धा ती विसरली होती.

बाबा घास हातात धरून तिच्याकडे बघत होते. पातेल्यात त्यांनीच वळलेले शेंगोळे होते, आणि ते कसे झालेत हे त्यांना आता दुसऱ्याने सांगितल्याशिवाय या जन्मात कळणार नव्हतं.

"मीठ बरंय का?" त्यांनी विचारलं.

आईचं तोंड भरलेलं होतं. तिने वर बघितलं नाही. रिकामी वाटी तेवढी पुढे सरकवली.